उच्चस्वरातील समन्वय

जगातल्या प्रत्येक कमावत्या माणसाला रोज दोन ठिकाणी उशिरा पोहोचावं लागतं. एक कामावर आणि दुसरं घरी. दोन्हीकडे वेळेवर पोहोचणारा माणूस अजून कोणी पाहिलेला नाही. पाहिल्याचं जे सांगतात, त्यांनी तो निवृत्त झाल्यावर पाहिलेला असतो.

या दुखण्यावर शास्त्रीय उपाय सापडावा म्हणून आमची काम-कुटुंब समतोल संशोधन संस्था स्थापन झाली. मी तिथे अहवाल-लेखक आहे. संशोधक जे पाहतात ते मी वाचण्याजोगं करतो, आणि त्यांच्या पाहण्यातून जे सुटतं ते परिशिष्टात घालतो. संस्था रविवारी चालू असते, कारण कुटुंबं रविवारीच घरी सापडतात. इतर दिवशीही चालू असते, कारण रविवारी सापडलेल्या कुटुंबांची आकडेमोड करायची असते. (कर्मचाऱ्यांच्या स्वतःच्या कुटुंबांचा अभ्यास करायला नियमानुसार मनाई आहे. त्यात पक्षपाताचा धोका असतो. शिवाय ती कुटुंबं आमच्याशी फारसं बोलत नाहीत.)

आमच्या संचालकांना सगळे नुसतं 'सर' म्हणतात. सर थोर माणूस आहेत. त्यांच्याआधी समतोल म्हणजे काय हे कोणालाच सांगता येत नव्हतं. सरांनी प्रश्न उलटा केला. समतोल दिसत नाही, हे त्यांनी मान्य केलं, पण तो बिघडला की ऐकू येतो. मग कान द्यायचे आणि मोजायचं. त्यातून 'समतोल निर्देशांक' जन्माला आला. शंभरातून सुरुवात करायची. प्रत्येक भांडणाला, आपटलेल्या दाराला, आदळलेल्या भांड्याला आणि सुस्काऱ्याला गुण वजा करत जायचं. 'मला काय करायचंय' हे वाक्य उच्चारलं गेलं तर वेगळी वजावट. लांब सुस्कारा दोन आखूड सुस्काऱ्यांच्या बरोबरीचा धरतात. तो नेमका किती लांब असला म्हणजे लांब, यावर आमच्याकडे एक उपसमिती बसली होती. ती अजून उठलेली नाही.

पहिल्या फेरीचे निष्कर्ष धक्कादायक होते. कमावत्या जोडप्यांची झाडून सगळी घरं नापास झाली. अपवाद एका घराचा. त्याला शंभरपैकी शंभर. पुढे कळलं की त्या घराला कुलूप होतं. कुटुंब नातेवाइकांकडे लग्नाला गेलं होतं आणि आमचा निरीक्षक तीन दिवस पायरीवर बसून घरातली शांतता नोंदवत होता. काही सहकाऱ्यांनी हा निकाल रद्द करा म्हटलं. घरात माणसं असावीत असं नियमावलीत कुठे लिहिलंय ते दाखवा, असं सरांनी विचारलं. लिहिलेलं नव्हतं. निकाल तळटीपेसह कायम राहिला.

तरीही कुलूप घेऊन परिषदेत उभं राहणं बरं दिसलं नसतं. मोठी परिषद काही महिन्यांवर आली होती, ठिकठिकाणचे तज्ज्ञ येणार होते, आणि संस्था पुढे चालवायची की गुंडाळायची हे त्यानंतर ठरणार होतं. सरांना माणसं असलेलं, तरीही आवाज नसलेलं घर हवं होतं.

ते सापडलं.

नवरा काचेच्या बाटल्यांच्या कारखान्यात तपासनीस होता. पट्ट्यावरून येणाऱ्या बाटल्या दिव्यापुढे धरायच्या आणि तडा दिसला की बाजूला काढायची, हे त्याचं काम. काचेची भट्टी कधी विझवत नाहीत, म्हणून कारखान्यात पाळ्या, आणि याची कायम दुसरी पाळी. दुपारी एकला घरातून निघायचा, परत येईपर्यंत घर झोपलेलं असायचं. बायको मोठ्या दवाखान्याच्या नोंदणी खिडकीत बसायची. नाव काय, वय काय, काय होतंय, हे तीन प्रश्न ती दिवसभर विचारायची. तिची पहिली पाळी. सकाळी ती निघायची तेव्हा नवरा गाढ झोपेत असायचा, आणि साडेतीनला परत यायची तेव्हा तो कारखान्यात बाटल्या बघत असायचा. त्यांची एकुलती एक मुलगी नऊ वर्षांची. तिला सगळे छोटी म्हणत. छोटीची शाळा दुपारची. बाप तिला शाळेत सोडून कामावर जायचा आणि आई संध्याकाळी तिला घेऊन यायची.

अशा घरात आमची निरीक्षिका रुजू झाली. ती शांत, बारीक नजरेची बाई होती. निरीक्षकांसाठी आमची एकच सूचना असते: भिंतीसारखं बसायचं. बोलायचं नाही, मदत करायची नाही, मत द्यायचं नाही. घरच्यांना ओळख करून देताना तिने हेच सांगितलं. छोटीने ते शब्दशः घेतलं आणि तिचं नाव 'भिंतताई' पडलं. पुढे संस्थेतही तेच रूढ झालं.

भिंतताई सकाळी येऊन स्वयंपाकघराच्या दाराशी स्टुलावर बसायची आणि संध्याकाळी उठायची. पहिल्या आठवड्यात भांडण शून्य. दुसऱ्या आठवड्यात शून्य. आपटलेलं दार एक, पण ते वाऱ्याने. (वाऱ्याचे गुण कोणाच्या नावे वजा करायचे हा प्रश्न सरांकडे गेला. सरांनी वाऱ्याला कुटुंबाचा सदस्य मानायला नकार दिला.) महिना गेला, दोन महिने गेले, आणि निर्देशांक शंभरावरून हलेना. संस्थेत पेढे वाटायचं तेवढं बाकी राहिलं. सरांनी 'घर्षणरहित कुटुंब' अशी संज्ञा तयार केली आणि ती दोन व्याख्यानांत वापरूनही टाकली.

भिंतताईच्या टिपणांत मात्र एक किरकोळ मुद्दा पुन्हा पुन्हा येत होता. तिचं म्हणणं, भांडण होत नाही हे खरं, पण हे दोघं एकमेकांना भेटलेलेच तिला दिसले नाहीत.

सरांनी हे शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "हीच तर त्यांची शिस्त."

ते अगदीच भेटत नव्हते असं नाही. छोटी तापाने फणफणली की तिच्या उशाशी भेटायचे, आणि कधी ती अर्ध्या दिवसाने लवकर आली तर दारात भेटायचे, एकजण चप्पल काढताना आणि दुसरा घालताना. त्याच्या सुट्टीच्या दिवशी हमखास कोणीतरी गैरहजर असायचं आणि भट्टी थांबत नसल्याने याला बोलावणं यायचं. तिच्या सुट्टीच्या दिवशी ती सकाळीच आईकडे जायची, कारण आईचे गुडघे चालेनासे झाले होते. छोटी वर्षाची झाली तेव्हाच त्यांनी हे ठरवलं होतं. लेकरू परक्यावर सोडायचं नाही, कायम दोघांपैकी एकाने घरी असायचं. तो निर्णय दोघांनी एका संध्याकाळी शेजारी शेजारी बसून, हसत हसत घेतला होता. त्यानंतर शेजारी शेजारी बसून काही ठरवायची वेळ आली नव्हती, कारण सगळं नीट चाललं होतं.

आणि खरोखर नीट चाललं होतं. एकमेकांची त्यांना खडानखडा माहिती होती, फक्त ती माणसाऐवजी वस्तूंकडून मिळायची. टॉवेल ओला असला की तिला कळायचं, आज हे उशिरा उठले. वर्तमानपत्र न उलगडता पडलेलं असलं की त्याला कळायचं, कालचा दिवस तिला जड गेला. तो स्वयंपाकघराची खिडकी लावायचा, ती उघडायची. तो छोटीची एक घट्ट वेणी घालायचा, संध्याकाळी ती सोडून आई दोन सैल वेण्या घालायची. या घडामोडींवर दोन्ही बाजूंनी कधी निषेध नोंदवला गेला नाही. निरोप छोटीमार्फत जायचे. छोटी निरोप्या म्हणून फारशी विश्वासार्ह नव्हती. तिला जे महत्त्वाचं वाटायचं तेवढंच पोहोचायचं, आणि त्यात मांजरीला पिल्लं झाल्याचा क्रम घरपट्टीच्या वर लागायचा.

हळूहळू निरोप भिंतताईकडे येऊ लागले. बायको निघता निघता म्हणायची, सांगा हं त्यांना, गॅस संपत आलाय. नवरा निघताना म्हणायचा, तिला म्हणावं नळवाला येऊन गेला. भिंतीने निरोप पोहोचवावा की नाही याबद्दल नियमावली गप्प होती, त्यामुळे भिंतताईही सुरुवातीला गप्प राहिली. पण गॅस खरोखरच संपला, अर्धवट शिजलेल्या भाजीपुढे छोटी जेवायची वाट बघत बसली, आणि त्या दिवसापासून ती निरोप सांगू लागली. टिपणात तिने ते 'मौखिक नोंदींचे हस्तांतरण' या सदरात दाखवलं. हे सदर मीच सुचवलं होतं.

परिषद जवळ आली तसा सरांच्या मनात कुटुंबाचा गौरव करायचा विचार आला. शाल-श्रीफळ त्यांना जुनाट वाटलं. बक्षीस विषयाला साजेसं हवं. बराच विचार करून त्यांनी ठरवलं की काम आणि कुटुंब यांचा सर्वोत्तम समतोल राखल्याबद्दल या जोडप्याला एक आख्खा आठवडा पगारी रजा एकत्र मिळवून द्यायची. दवाखाना आणि कारखाना दोघांनाही 'कुटुंबस्नेही आस्थापना' असं प्रमाणपत्र देऊ केलं. दोन्हीकडून इतक्या तातडीने होकार आला की, आपण प्रमाणपत्रं फुकट दिली याची सरांना हळहळ वाटली.

रजेच्या पहिल्या दिवशी भिंतताई नेहमीप्रमाणे स्टुलावर येऊन बसली.

सुरुवातीचा तासभर दोघं पाहुण्यांसारखी वागली. स्वयंपाकघर लहान होतं, आणि त्यात दोन मोठी माणसं एकाच वेळी वावरतात हे त्या खोलीलाही नवीन असावं. ती वळली की तो मागे सरकायचा. तो कपाटाकडे गेला की ती हात आखडून उभी राहायची. 'असू दे', 'तू घे', 'तुम्ही आधी', असं चाललं होतं. छोटी टेबलाशी बसून कधी हिच्याकडे तर कधी त्याच्याकडे बघत होती. निर्देशांक शंभर.

मग तिने चहा केला आणि त्याच्यापुढे कप ठेवला. त्याने घोट घेतला आणि तोंड वाकडं केलं.

"साखर घातलीस?"

"मग काय मीठ घालू?"

"मी साखर सोडली गं."

"कधी?"

"झालं की दीडेक वर्ष."

साखरेचा डबा हल्ली जास्त दिवस पुरतो हे तिच्या लक्षात आलं होतं, पण छोटी मोठी होतेय, गोड कमी खाते, असं तिने गृहीत धरलं होतं. का सोडली, असं तिने विचारलं. कारखान्यात तपासणी झाली होती, त्यात साखर थोडी वाढलेली निघाली, डॉक्टरने सांगितलं, त्याने सोडली, एवढं त्याने सांगितलं. काळजीसारखं काही नव्हतं. छोटीला म्हटलं होतं आईला सांग. छोटी म्हणाली, सांगायचं राहिलं असेल. मग तिने, केवळ खरं बोलायची सवय म्हणून, पुढे जोडलं की भिंतताईला माहीत आहे.

बायको स्टुलाकडे वळली. "तुम्हाला माहीत होतं?"

भिंतीने बोलायचं नसतं. भिंतताईने वहीत बघितलं, छताकडे बघितलं, आणि मग म्हणाली, "हो ताई. दादा बिनसाखरेचा घेतात. पहिल्या दिवसापासून."

त्या क्षणी काय झालं ते मी अहवालात 'संवादाच्या पातळीत लक्षणीय वाढ' असं नोंदवलं आहे. बायको म्हणाली, दिवसभर मी अख्ख्या शहराला विचारते काय होतंय, काय होतंय, आणि माझ्या घरातल्या माणसाला काय होतंय ते मला या स्टुलावरच्या बाईकडून कळतं. तो म्हणाला, सांगणार कधी, झोपेत? ती म्हणाली, उठवायचं होतं. तो म्हणाला, पहाटे उठून कामाला जाणाऱ्या माणसाला उठवून साखरेबद्दल काय बोलायचं? ती म्हणाली, बोलायचं. एवढं बोलून तिने खिडकी उघडली. त्याने ती लावली. 'आठ वर्षं तुम्ही ही खिडकी लावता,' असं ती म्हणाली तेव्हा, 'आठ वर्षं ती उघडी का सापडते ते आज कळलं,' असं तो म्हणाला. खिडकी वारा उघडतो अशी त्याची प्रामाणिक समजूत होती.

दुपारपर्यंत निर्देशांक साठावर आला.

भिंतताईने कर्तव्य म्हणून संस्थेला फोन केला. सरांनी तिला धीर दिला. भांडण हा शब्द वापरू नका, म्हणाले. सुशिक्षित समाजात भांडण होत नाही, उच्चस्वरातील समन्वय होतो. त्याचे गुण वजा करायचे की नाही हे नंतर ठरवू. तिने विचारलं, दार आपटलं तर? सर म्हणाले, तो निःशब्द समन्वय.

दुसऱ्या दिवशी चकित व्हायची पाळी त्याची होती. कपाट आवरताना बोलता बोलता तिच्या तोंडून निघून गेलं की मागच्या वर्षी दवाखान्यात तिला मुख्य लिपिकाची जागा देऊ केली होती. खिडकीतून उठून आत, स्वतःच्या टेबलाशी. पण सुटायची वेळ संध्याकाळी सहाची, म्हणून तिने नाही म्हणून सांगितलं. छोटीला शाळेतून कोण आणणार? तिने हे अगदी साधेपणाने सांगितलं, भाजीचा भाव सांगावा तसं. तो हातातली पांघरुणाची घडी तशीच घेऊन पलंगावर बसला. (कारखान्यात त्याची ख्याती अशी की त्याच्या नजरेतून तडा सुटत नाही.)

मला विचारलं का नाहीस, असं त्याने विचारलं. ती म्हणाली, विचारून काय झालं असतं, तुमची पाळी थोडीच बदलणार होती. तो म्हणाला, ती बदलते की नाही हे विचारायला मला कारण तरी मिळालं असतं. यावर तिने आवाज चढवला. त्यानेही चढवला. मग विषय सुटला आणि आठ वर्षांची थकबाकी सुरू झाली. त्यात तिच्या आईचे गुडघे आले, त्याच्या भावाच्या लग्नात कोण कोणाशी बोललं नाही ते आलं, घट्ट वेणीने छोटीचं डोकं दुखतं ते आलं, आणि सैल वेण्या सकाळपर्यंतही टिकत नाहीत हेही आलं. छोटीला मत विचारलं गेलं. तिने केस कापायची इच्छा व्यक्त केली. हा प्रस्ताव दोघांनी एकमताने फेटाळला. त्या आठवड्यातलं ते पहिलं मतैक्य. नंतर कपाट एका बाजूनेच आवरलेलं राहिलं. ते अजूनही तसंच आहे असं ऐकतो.

समोरच्या घरातल्या काकू काय झालं म्हणून बघायला आल्या. दारातूनच सगळं ऐकून त्यांचा चेहरा खुलला. बरं झालं बाई, म्हणाल्या, आम्हाला इतकी वर्षं वाटत होतं तुमच्यात बोलणंच नाही.

तिसऱ्या दिवशी निर्देशांक शून्याखाली गेला. शून्याखाली काय असतं याची संस्थेकडे तरतूद नव्हती. परिषद चार दिवसांवर, पत्रकं छापून तयार, पहिल्या पानावर याच कुटुंबाचं छायाचित्र. (छायाचित्रं दोन वेगवेगळ्या वेळी काढून जोडली होती. त्याला इलाज नव्हता.) शेवटी सर स्वतः त्या घरी गेले. नोंद ठेवायला मी बरोबर होतो.

आम्ही पोहोचलो तेव्हा दोघं जेवणाच्या टेबलाशी समोरासमोर बसली होती. टेबलावर काचेचे पेले मांडलेले होते आणि तो एकेक पेला उजेडाकडे धरून तडा दाखवत होता. ती सांगत होती की या पेल्यांतून आपण इतकी वर्षं पाणी पितोय, कोणी मेलेलं नाही. सरांना बघून दोघं उठली. आम्हाला बसवलं, पाणी दिलं. सरांनी आपला पेला उजेडाकडे धरून बघितला आणि न पिता ठेवला.

मग सरांनी आपल्या मृदू आवाजात विषय मांडला. संस्थेला या कुटुंबाचा अभिमान आहे, म्हणाले. पण रजेचा थोडा अतिरेक झालेला दिसतो. दोघांच्या प्रकृतीला तो मानवत नाहीये. तर उरलेली रजा परत करून उद्यापासून दोघांनी आपापल्या पाळीवर रुजू व्हावं, म्हणजे पूर्वीचा समतोल आपोआप परत येईल. कारखान्याशी आणि दवाखान्याशी बोलणं ते करतील.

बायकोने एकदा नवऱ्याकडे बघितलं. नंतर नोंदणी खिडकीत वापरते त्याच आवाजात, सावकाश, ती म्हणाली, "सर, मला आठ वर्षांनी भांडायला माणूस मिळालाय. माझं अजून बोलून संपलेलं नाही."

"आणि मला उत्तरं द्यायची आहेत," नवरा म्हणाला. "निम्मी तर अजून सुचायची आहेत."

सरांनी त्यांना शास्त्र समजावून सांगायचा प्रयत्न केला. निर्देशांक, परिषद, तज्ज्ञ. दोघांनी आदराने ऐकलं. मग बायकोने विचारलं की सर एवढे शिकलेले आहेत तर खिडकी उघडी ठेवावी की बंद, हे त्यांनीच सांगावं. सर खिडकीपाशी गेले. उघडून पाहिली, लावून पाहिली, वाऱ्याची दिशा बघितली. नवरा त्यांना धुळीबद्दल सांगत होता, बायको फोडणीच्या धुराबद्दल. बराच वेळ विचार करून सर म्हणाले, अर्धी उघडावी. यावर दोघंही एकाच वेळी त्यांच्यावर चढली. अर्ध्या खिडकीने धूळही येते आणि धूरही जात नाही, एवढं साधं कळू नये का? आम्ही जिना उतरलो तेव्हा वरून हसण्याचा आवाज आला. तो कोणत्या सदरात घालावा, असं मी सरांना विचारलं. सर भराभर चालू लागले.

परिषद पार पडली. या कुटुंबाला 'सांख्यिकीय अपवाद' ठरवून वगळलं, आणि कुलपाच्या घराची तळटीप काढून ते मुख्य निष्कर्षात घेतलं. तज्ज्ञांनी टाळ्या वाजवल्या. संस्था टिकली.

कुटुंबाचं पुढे असं झालं. रजा संपल्यावर त्याने पहिल्या पाळीसाठी अर्ज केला. मॅनेजर म्हणाला जागा नाही, पण दुसरा एक तपासनीस अदलाबदलीला आनंदाने तयार झाला. त्याच्या घरी रोज संध्याकाळी समन्वय व्हायचा आणि तो त्याला कंटाळला होता. (त्या घराचा निर्देशांक आता पंच्याण्णव आहे. आमचं लक्ष आहे.) छोटीची शाळा सकाळची करून घेतली. सुटल्यावर ती समोरच्या काकूंकडे बसते. ते काही दोघांच्या मनासारखं झालेलं नाही, आणि त्यावरूनही त्यांच्यात होत असतं. मुख्य लिपिकाची जागा गेली ती गेली. तिथे दुसरी बाई बसली आहे, आणि तिचा विषय निघाला की अजूनही घरात एकदम शांत होतं. ती शांतता, भिंतताईच्या मते, पूर्वीच्या शांततेसारखी नाही. फरक विचारला तर तिला सांगता आला नाही.

भिंतताईने त्यानंतर थोड्याच दिवसांत राजीनामा दिला. कारण या रकान्यात तिने लिहिलं होतं: घरी एक भांडण अर्धवट राहिलं आहे. सरांना हे कारण अपुरं वाटलं, पण नियमात बसत होतं. जाताना तिने माझ्या टेबलाशी थांबून विचारलं की मी घरी किती वाजता जातो. मी म्हटलं, अहवाल संपला की. ती हसली आणि गेली.

तिच्यामागे दुसरी भिंत मिळेना. जाहिरात दिली, कोणी आलं नाही. दिवसभर एखाद्या घरात गप्प बसायचं तर ते काम लोक आपापल्या घरी फुकट करतात, असं एका उमेदवाराने फोनवर सांगितलं. तेव्हा सरांनी घरोघर माणूस न पाठवता समतोल मोजण्याची नवी पद्धत शोधून काढली. तिचं नाव 'वाचन-चाचणी'. तर्क सोपा आहे. एखादा प्रौढ माणूस घरात बसून बऱ्यापैकी लांब मजकूर सलग वाचू शकत असेल, मध्ये त्याला कोणी हाक मारत नसेल, काही विचारत नसेल, 'जरा इकडे या' म्हणत नसेल, तर त्या घरातला समतोल वादातीत मानावा. मजकुराचा विषय कोणताही चालतो. तो थोडा लांबवावा, एवढी सूचना मला होती, आणि ती मी पाळली आहे.

आपण इथवर आलात. मध्ये आपल्याला कोणी काही विचारलं नाही. विचारलं असल्यास ते आपल्याला ऐकू आलं नाही. शास्त्राच्या दृष्टीने दोन्ही एकच.

संस्थेच्या वतीने आपलं हार्दिक अभिनंदन. घरात आणखी कोणी असल्यास त्यांनाही कळवावं.